समोरचा कुठं गेला? मर्दानी खेळ, युरोपातल्या जुन्या तलवारी आणि आपण

मी पालीहून बोलतोय. पाली म्हटलं की लोकांना रायगडचं बल्लाळेश्वराचं पाली आठवतं. आमचं पाली बीड तालुक्यातलं. बीडवरून मांजरसुंब्याकडं निघालात की बिंदुसरा तलाव लागतो, त्याच्या जवळचं. आजचा विषय ऐकून तुम्ही म्हणाल, पालीचा आणि युरोपातल्या जुन्या तलवारबाजीचा काय संबंध? आहे. थोडा धीर धरा, शेवटी गाडी आपल्याच गावात येणार आहे.

शिवजयंतीला काय होतं, ते तुम्हाला माहीत आहे. चौकात रिंगण होतं. हलगी-ताशा वाजतो. पोरं-पोरी लाठी फिरवतात, कुणीतरी पट्टा काढतो, तळहातावरचं लिंबू कापलं जातं. सगळे मोबाईल वर. रात्रीपर्यंत दोनशे रील्स. मला हे सगळं आवडतं. मी स्वतः लाठी शिकलोय आणि सुट्टीत गावातल्या लेकरांना चार हात शिकवतो. पण त्या रिंगणाकडं नीट बघा. मध्ये एकच माणूस असतो. त्याच्यावर वार करणारा, त्याचा वार अडवणारा दुसरा कुणी नसतो. लढाईची कला आहे आणि समोर लढायलाच कुणी नाही! तो समोरचा कुठं गेला, एवढंच आज बोलायचंय.

आधी जरा लांब जाऊ. युरोपात आणि अमेरिकेत हजारो लोक आज मध्ययुगातली तलवारबाजी शिकतात. कुणी इंजिनियर, कुणी नर्स, कुणी कॉलेजातली पोरगी. त्या प्रकाराला ते ‘हेमा’ म्हणतात, म्हणजे ऐतिहासिक युरोपीय युद्धकला. स्वीडनमधल्या गोटेनबर्ग शहरात २००६ पासून ‘स्वोर्डफिश’ नावाची स्पर्धा भरते, तिथं देशोदेशीचे लोक येतात.

गंमत म्हणजे या लोकांना शिकवायला कुणी उस्ताद उरलेलाच नव्हता. बंदुका आल्या, सैन्यं बदलली, तलवारीचं शिक्षण हळूहळू आजच्या ऑलिंपिकमधल्या फेन्सिंगकडं गेलं. मध्ययुगातली लांब तलवार, तिचे डाव, तिचे पवित्रे, सगळं बंद पडलं. गुरू-शिष्याची साखळीच तुटली.

मग परत आणलं कशावरून? पुस्तकांवरून. इंग्लंडमधल्या लीड्सच्या शस्त्रसंग्रहालयात एक हस्तलिखित आहे, ‘आय-३३’ नावाचं. साधारण इसवी सन १३०० च्या आसपासचं. त्यात एक धर्मगुरू आपल्या शिष्याला तलवार आणि छोटी ढाल शिकवतोय, चित्रांसकट. आणि शेवटी शिष्याच्या जागी एक बाई येते. तिचं नाव वालपुर्गिस. हातात तलवार-ढाल, समोर धर्मगुरू. सातशे वर्षांपूर्वीच्या पुस्तकात! आपल्याकडं अजून कुणी म्हणालं ना, की पोरींनी लाठी कशाला शिकायची, तर त्याला वालपुर्गिसचं नाव सांगा.

पुढं जर्मनीत लिख्टेनाउअर नावाचा उस्ताद झाला. त्याची विद्या मुद्दाम कोड्यासारख्या ओळींत बांधलेली, म्हणजे ऐऱ्यागैऱ्याला कळू नये. नंतरच्या लोकांनी त्यावर टीका लिहिल्या. इटलीत फिओरे नावाच्या उस्तादानं १४१० च्या सुमाराला कुस्तीपासून भाल्यापर्यंतचं सचित्र पुस्तक केलं.

आता तुमच्या-माझ्या ओळखीची गोष्ट. हे सगळं राजे-सरदारांचंच होतं असं समजू नका. जर्मनीत ‘मेसर’ नावाचं हत्यार होतं. मेसर म्हणजे चक्क सुरी. लांब पात्याची, आणि मूठ कशी? दोन बाजूंनी लाकडी पट्ट्या लावून रिव्हेट ठोकलेली, घरातल्या सुरीसारखी. साध्या माणसांच्या कमरेला असणारं हत्यार. त्या मेसरवर १४८२ साली एका धर्मगुरूनं जाडजूड सचित्र ग्रंथ लिहिला. आणि १५४० च्या दशकात आउग्सबुर्ग शहरातल्या पाउलुस हेक्टर मायर नावाच्या कारकुनानं जे पुस्तक तयार करून घेतलं, त्यात विळ्याचे डाव आहेत, विळा विरुद्ध विळा! ज्या बीड जिल्ह्यातून दरवर्षी माणसं कोयता घेऊन ऊसतोडीला जातात, तिथं बसून ही चित्रं बघताना मला ती परकी वाटली नाहीत. या मायरला असल्या पुस्तकांचं इतकं वेड, की त्यानं त्यापायी शहराच्या तिजोरीतले पैसे उडवले आणि १५७९ साली त्याला फाशी झाली. छंद करा, पण ग्रामपंचायतीच्या पैशावर नको.

बरं, ही पुस्तकं परत उघडण्याचा पहिला प्रयत्न १९ व्या शतकाच्या शेवटी लंडनमध्ये झाला. आल्फ्रेड हटन नावाचा ब्रिटिश अधिकारी त्यात पुढं होता. हा माणूस तरुणपणी आपल्या पलटणीबरोबर भारतात होता. इथं त्यानं पलटणीत तलवारबाजीचा क्लब काढला आणि १८६२ साली त्यासाठी छोटं पुस्तकही लिहिलं. आता दुसरी तारीख लक्षात घ्या, १८७८. त्या वर्षी इंग्रज सरकारनं हिंदुस्थानात शस्त्रकायदा केला. हिंदी माणसाला हत्यार ठेवायचं तर परवाना काढा, गोऱ्याला सूट. म्हणजे त्यांची विद्या क्लबात फुलत होती आणि आपली विद्या परवान्याच्या रांगेत उभी होती.

हटनचं काम पुढं थंडावलं. खरी लाट आली ती १९९० नंतर. इंटरनेट आलं, हस्तलिखितांचे फोटो सगळ्यांना दिसायला लागले, माणसं एकमेकांना सापडली.

आता त्यांची पद्धत. मला सगळ्यात जास्त भावलं ते हेच. ते एखादं चित्र घेतात, त्याखालचा मजकूर वाचतात आणि म्हणतात, हा डाव असा असावा. मग जोडीदारासोबत हळू करून बघतात. मग वेग वाढवतात. मग जोडीदाराला सांगतात, आता तू मला हे करू देऊ नकोस. डाव तिथं फसला तर परत पुस्तकाकडं. आपलं वाचणं चुकलं असेल, पाय चुकला असेल, अंतर चुकलं असेल. चित्र कितीही सुंदर असो, समोरचा विरोध करतोय तेव्हा तो डाव चालला पाहिजे.

त्यासाठी त्यांनी साधनं तयार केली. डोक्याला जाळीचा मास्क, जाड जाकीट, हातमोजे. आणि ‘फेडर’ नावाची सरावाची तलवार. धार नाही, पातं लवचीक, म्हणजे भोसकल्यावर वाकतं. ही पण नवी आयडिया नाही बरं का, जुन्या तालमींत अशी सरावाची तलवार होतीच.

त्यांच्या स्पर्धेतला एक नियम सांगतो. आफ्टरब्लो. समजा मी तुम्हाला मारलं. मला गुण. पण मार खाल्ल्याबरोबर लगेच तुम्ही मला उलटा हात मारलात, तर माझा गुण कमी होतो किंवा जातोच. बऱ्याच स्पर्धांत हे असतं. का? कारण खऱ्या तलवारीत मी मारलं आणि मीही मेलो, याला जिंकणं म्हणत नाहीत. वार करून वाचून बाहेर पडला का, हे बघतात. हा एक नियम माणसाचं सगळं खेळणं बदलतो. उगाच अंगावर धावून जाणारा पहिल्या फेरीतच घरी जातो.

आणि हे लोक खेळायला लागले तेव्हा सिनेमातल्या किती गोष्टी खोट्या निघाल्या! युरोपातली लांब तलवार दोन्ही हातांनी धरायची, पण वजन साधारण सव्वा ते दीड किलो. आपल्याकडं व्हॉट्सअॅपवर येतं ना, अमुक वीराची तलवार साठ किलोची. अरे बाबा, सिमेंटची गोणी ५० किलोची असते. ती एका हातात धरून दिवसभर फिरवून दाखव, मग बोलू. आपली तलवारही किलो-सव्वा किलोच्या आसपासच असायची. तलवार हलकी होती म्हणून वीर लहान होत नाही. दिवसभर लढायचं तर हत्यार हलकंच लागतं, हे त्याला आपल्यापेक्षा जास्त कळत होतं.

आता आपल्याकडं येऊ.

आपली गोष्ट उलटी आहे. त्यांच्याकडं पुस्तकं होती, उस्ताद नव्हते. आपल्याकडं उस्ताद टिकले. १८१८ ला पेशवाई गेली, नंतर शस्त्रकायदा आला, तरी विद्या पूर्ण मेली नाही. कोल्हापूर संस्थानात तालमी चालू राहिल्या. तिथल्या पेठांतल्या तालमींनी लाठी, पट्टा, भाला, विटा, माडू हे सगळं एका पिढीकडून दुसऱ्या पिढीकडं दिलं. कुणी पगार देत नव्हतं, तरी दिलं. आज राज्यभर ‘मर्दानी खेळ’ हे नाव ज्यानं त्यानं ऐकलंय, त्यात या तालमींचा वाटा फार मोठा आहे. बडोद्यात जुम्मादादा नावाचे मुसलमान उस्ताद होते, त्यांचे शिष्य माणिकराव. त्या व्यायाममंदिरातून किती पिढ्या घडल्या. अमरावतीत १९१४ पासून हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ आहे. १९३६ साली बर्लिनला ऑलिंपिक झालं, तेव्हा त्यांच्या पथकानं तिथं जाऊन आपल्या खेळांची प्रात्यक्षिकं केली.

आणि पुस्तकं अगदीच नाहीत असंही नाही. बडोद्याच्या दत्तात्रय चिंतामण मुजुमदारांनी ‘व्यायाम ज्ञानकोश’ केला, मराठीत, दहा खंड, १९३६ ते १९४९. त्या काळात, एवढ्या कष्टानं. तो किती जणांनी उघडलाय? युरोपातली पोरं सातशे वर्षांपूर्वीचं लॅटिन वाचत बसतात. आपल्याला मराठीच वाचायचंय.

सरकारनंही मान दिला. २०२४ च्या शिवजयंतीला आग्र्याच्या किल्ल्यातून दांडपट्टा हे राज्यशस्त्र म्हणून जाहीर झालं. २०२५ च्या जुलैमध्ये मराठ्यांचे १२ किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. चांगलंच झालं. पण किल्ल्याचा दगड तसाच उभा राहतो, डागडुजी केली की झालं. हाताची विद्या तशी नसते. ती वापरली नाही की बिघडते आणि बिघडल्याचं कळतही नाही.

पट्ट्याचंच उदाहरण घ्या. पट्ट्याची मूठ म्हणजे लोखंडी हातमोजा, कोपराच्या जवळपर्यंत येणारा. आत आडवी दांडी, ती मुठीत धरायची. म्हणजे मनगट जवळपास बांधलं गेलं. तलवारीला मनगट फिरवता येतं, इथं नाही. मग वार कुठून येणार? कोपरातून, खांद्यातून, आणि खरं म्हणजे पायांतून. म्हणून पट्टेबाज सतत फिरताना दिसतो. ते फिरणं शोभेसाठी नव्हतं, हत्यारच तसं बनवलंय. आता प्रश्न असा, की समोर ढालवाला आला तर कुठल्या पायावर फिरायचं? भालेवाला आला तर आत कसं शिरायचं? पट्टा गोल जाऊन परत येईपर्यंत मधल्या क्षणात अंग उघडं पडतं, तेव्हा काय? एकट्यानं फिरवून याची उत्तरं मिळत नाहीत. हळूहळू प्रश्नच विसरले जातात. राहतं काय, तर वेग आणि टाळ्या.

कुस्ती बघा. कुस्ती का टिकली? आपल्याकडं जत्रेत नारळावरची कुस्ती असते, लेकरांची रेवडीवरची असते. कुठल्या जत्रेत तुम्ही पैलवानाला म्हणता का, की मधी उभा राहून एकट्यानं धोबीपछाड करून दाखव? रोज संध्याकाळी तालमीत समोर कुणीतरी असतो. डाव लागतो, नाहीतर पाठ लागते. लाल माती खोटं चालू देत नाही. मल्लखांबाचं वेगळं, तिथं समोर खांबच आहे. दुसऱ्या बाजीरावाच्या पदरच्या बाळंभटदादा देवधरांनी तो वाढवला, पुढं त्याला नियम आले, गुण आले, आणि २०१९ मध्ये मुंबईत जागतिक स्पर्धा झाली. शिस्त आली म्हणून खेळ पुढं गेला.

आता तुम्ही विचाराल, आपल्या हत्यारांत समोरासमोर खेळायची पद्धत कधी होती का? होती ना! आपल्याच लोकांनी केलेली. फरी-गदका. गदका म्हणजे कातड्यानं मढवलेली काठी, तलवारीच्या जागी. फरी म्हणजे छोटी चामडी ढाल. दोघं समोर उभे राहणार, एकमेकांवर वार करणार, अडवणार. आणि बोथाटी. नावातच बोथट आहे. भाल्यासारखी लांब काठी, टोकाला कापडाचा गोळा, घोड्यावर बसून खेळायची. गोळा रंगात बुडवला की कुणाला कुठं लागलं ते अंगावर दिसतं. म्हणजे युरोपवाल्यांचा फेडर आणि आपला गदका ही एकाच गरजेतून आलेली सख्खी भावंडं आहेत. मारायचं, पण मारायचं नाही. शिकायचं.

पण आपल्या कार्यक्रमांत लाठी दिसते, पट्टा दिसतो, आगीचे गोळे दिसतात. फरी-गदका क्वचितच. त्यात चमक नाही. दोघं एकमेकांभोवती फिरतात, अर्धा वेळ काहीच होत नाही, मग एकदम टक्कन् एक लागतो. रील होत नाही त्याची.

तिकडं पंजाबनं काय केलं बघा. त्यांचा गतका. काठी आणि छोटी ढाल, नावसुद्धा आपल्या गदक्याशी जुळतं. त्यांनी प्रात्यक्षिकं सोडली नाहीत, पण सोबत नियम केले, पंच केले, सामने सुरू केले. २०२० च्या शेवटी केंद्रानं खेलो इंडियात चार देशी खेळ घेतले: गतका, कलरीपयट्टू, मणिपूरचा थांग-ता आणि मल्लखांब. आपला मल्लखांब त्यात आहे याचा आनंदच आहे. लाठी-काठी आणि फरी-गदका नाहीत. मला वाटतं, यात कुणाला शिव्या देण्यापेक्षा आपण सामने खेळतो का, हे आधी विचारावं.

काही जण म्हणतात, हा महाराजांचा वारसा आहे, त्याचा शिट्टी-पंचाचा खेळ करू नका. मला त्यांची भावना कळते. स्पर्धा आली की गुणांसाठी खेळायचं वाढतं, हाताला हलका स्पर्श करून गुण चोरायची सवय लागते. हेमावालेही या दुखण्यावर रोज भांडतात. म्हणून तर आफ्टरब्लोसारखे नियम आले. पण माझं म्हणणं असं आहे: १७६३ ला आपल्याच बीड जिल्ह्यात गोदाकाठी राक्षसभुवनला लढाई झाली. १७९५ ला शेजारी खर्ड्याला झाली. त्यात लढलेली माणसं एकट्यानं हवेत पट्टा फिरवून शिकली नव्हती. त्यांना समोरचा माहीत होता. वारसा म्हणायचा तर तो सराव वारसा आहे.

अजून एक गोष्ट, जरा जड आहे. गेल्या काही वर्षांत आपल्या जिल्ह्याचं नाव बातम्यांत कशासाठी येतं, ते मी सांगायला नको. कमरेला पिस्तूल लावून रील, कोयता नाचवत रील, मग पोलीस, मग हात जोडून माफीचा दुसरा व्हिडिओ. त्या रीलमध्येही समोरचा नसतो, हे लक्षात आलं का? हत्यार आहे, कॅमेरा आहे, पार्श्वसंगीत आहे. ज्याला ते लागणार आहे तो माणूस फ्रेममध्येच नाही. गदका खेळताना पहिल्याच आठवड्यात कळतं की लागतं. मला लागतं, तसं त्यालाही लागतं. खेळ संपला की त्यालाच हात द्यायचा असतो, कारण तो नसेल तर उद्या माझा सराव बंद. यानं गुन्हे थांबतील असा दावा मी करत नाही. पण हत्याराकडं बघायची नजर बदलते, हे मी लेकरांमध्ये बघतोय.

मग पालीसारख्या गावात करायचं कसं? फार लागत नाही. वेताची काठी, त्यावर फोमची नळी आणि चिकटपट्टी. ढाल म्हणून जाड पुठ्ठा किंवा रबर, मागं पट्टा. हातमोजे जाड हवेत, बोटं आधी जातात. डोक्याला फेन्सिंगचा मास्क सगळ्यात चांगला. तो दोघांत मिळून दोन घ्या आणि आळीपाळीनं सगळे वापरा. क्रिकेटचं हेल्मेट असेल तर भोसकायचा वार बंद ठेवा, कारण टोक जाळीतून आत जाऊ शकतं. मास्क नसेल तर डोक्यावर वार नाही, फक्त हळू सराव. धारदार काहीही नको. सरावाला धारेची गरज नाही, आणि रस्त्यावर धारदार हत्यार मिरवलं तर पोलीस केस होऊ शकते. तळहातावर लिंबू ठेवून कापणं तर लेकरांच्या वर्गात अजिबात नको.

वेळेचं म्हणाल, तर आपल्या भागात दिवाळीच्या सुमाराला अर्धी घरं ऊसतोडीला जातात, लेकरं पण जातात. वर्ग तेव्हा ठेवलात तर कुणाला शिकवणार? उन्हाळ्यात माणसं परत येतात, तेव्हा दोन महिने लावून धरा. पोरींची बॅच वेगळी काढायची गरज नाही, वजन-उंची बघून जोड्या लावा. आणि प्रत्येक डाव मोबाईलवर शूट करा. रीलसाठी नव्हे, परत बघण्यासाठी. डाव कुणाकडून शिकला, त्याला तिथं काय म्हणतात, कुठला पाय पुढं, हे वहीत लिहा. गावागावांत म्हातारे उस्ताद आहेत. त्यांच्या हातात आहे ते मायरच्या पुस्तकाइतकंच मोलाचं आहे, फरक इतकाच की पुस्तक वाट बघतं, माणूस बघत नाही.

येत्या शिवजयंतीला एक करून बघा. लाठी होऊ द्या, पट्टा होऊ द्या, टाळ्या होऊ द्या. मंडळाकडून शेवटची फक्त दहा मिनिटं मागून घ्या. दोन पोरं किंवा दोन पोरी, डोक्याला मास्क, हातात गदका आणि फरी. एक पंच, एक शिट्टी. पाच वारांचा सामना. लोक पहिल्यांदा गप्प बसतील, कारण काय बघायचं ते कळणार नाही. तिसऱ्या वाराला ओरडायला लागतील. कुस्तीच्या फडात ओरडतात ना, तसंच.

तुमच्या गावात फरी-गदका खेळलेलं कुणी असेल तर त्यांना भेटा, बोलतं करा, आणि आम्हालाही कळवा.